संपूर्ण आवृत्तीत काय येतं

३ मार्च, मंगळवार

अगं,

पत्राच्या सुरुवातीला आशीर्वाद लिहायचे असतात. ते मी राखून ठेवले आहेत; राग उतरला की पाठवीन. तू फोन उचलत नाहीस आणि नव्या घराचा पत्ता मला कोणी सांगितलेला नाही, म्हणून हे तुझ्या ऑफिसच्या पत्त्यावर टाकते आहे. पाकिटावर मोठ्या अक्षरात 'खासगी' लिहिलं आहे. तुमच्याकडे पाण्याच्या पाइपांचे नकाशे काढणारी माणसं दुसऱ्यांची पत्रं फोडत नसतील अशी आशा आहे.

भांडायला लिहीत नाही. सरळ व्यवहाराचा प्रश्न आहे. आपल्या ऑनलाइन खेळाचं नवं एक्सपान्शन, म्हणजे पुढचा जोडभाग, मी विकत घेतलं आणि माझी शुद्ध फसवणूक झाली.

आजवर खेळातली खरेदी तू करायचीस. मला कधी डोकं चालवावं लागलं नाही. मी आपली पुढे उभी राहून राक्षसांचा मार खायचे आणि तू पाठीमागून आगीचे गोळे फेकायचीस. माझं नाव 'ढाल' तूच ठेवलंस, स्वतःचं 'ठिणगी' ठेवलंस. शेजारीण म्हणायची, सासू-सून एका सोफ्यावर बसून रोज लढतात आणि तरी एकमेकींशी लढत नाहीत, हे मी पहिल्यांदा बघते. आता तिला बघायला काही उरलं नाही.

तर 'उत्तरेचा किनारा' नावाचं हे एक्सपान्शन आलं. सगळीकडे जाहिराती. बर्फ, जहाजं, शिंगवाले सरदार. मी मॉलमधल्या दुकानात गेले. तिथे एकाच एक्सपान्शनचे तीन डबे: साधी आवृत्ती, सोनेरी आवृत्ती आणि संपूर्ण आवृत्ती. गळ्यात पट्टा अडकवलेल्या विक्रेत्याला मी विचारलं, "ह्यात सगळं येतं ना?" तो म्हणाला, "मॅडम, नावच संपूर्ण आहे." मी विश्वास ठेवला. वयानं एवढी वाढले, पण नावावर विश्वास ठेवायची खोड जात नाही.

घरी येऊन डबा उघडला तर आत हवा. तळाशी एक कागद, त्यावर अक्षर-आकड्यांची एक लांबलचक ओळ. ती टाकली, चहा गार होईपर्यंत वाट बघितली आणि बंदरावर गेले. तिथला नावाडी म्हणतो, आधी मधला प्रदेश पार करून या, मग उत्तरेला नेतो. मधला प्रदेश म्हणजे मागचं एक्सपान्शन. ते आपण घेतलंच नव्हतं. ते आलं तेव्हा तू घरी उशिरा यायला लागली होतीस. मला वाटलं ऑफिसात काम वाढलंय. वकिलाकडे जात होतीस हे मला माझ्या लेकानं सांगितलं, तेही सगळं आटोपल्यावर.

मग ह्या संपूर्ण आवृत्तीत आहे तरी काय? एक पंख असलेला बोकड. एक हिरवा झगा. आणि खेळातलं संगीत, जे मी एरवी बंदच ठेवते. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा. डब्याच्या पाठीवर खरी गोष्ट छापलेली होती, 'आधीचे भाग समाविष्ट नाहीत' अशी. अक्षरं इतकी बारीक की आपल्या चष्म्याच्या दुकानातल्या तक्त्यावरची सगळ्यात खालची ओळसुद्धा त्यापुढे पाटी वाटेल. मी दुकानातलं भिंग लावून वाचली. उद्या मी गिऱ्हाइकाला 'संपूर्ण चष्मा' म्हणून फ्रेम, पुसायचं फडकं आणि डबी दिली आणि म्हटलं, काचा मागच्या आवृत्तीत होत्या, तर तो मला दुकानात उभं राहू देईल का?

खेळात आपल्या जखमा भरणारा वैदू शनिवारी विचारत होता, ढाल येणार की नाही. आपल्या टोळीत एवढा एकच माणूस भानावर आहे, बस चालवतो म्हणून असेल. टोळीला उत्तरेला जायचंय आणि पुढे उभं राहायला कोणीतरी लागतं. मी गेले नाही तर ते दुसरी ढाल शोधतील. त्यात त्यांची चूक नाही.

तेव्हा मधला भाग वेगळा घ्यावा लागतो का, आणि कुठला घ्यायचा, एवढंच कळव. बाकी काही लिहिलं नाहीस तरी चालेल.

तुझी सासू. ह्याच्या आधी 'माजी' लावायचं असतं म्हणतात. घटस्फोटाच्या कागदावर सही मी केलेली नाही, मी लावणार नाही.


११ मार्च, बुधवार

अगं,

उत्तर नाही. ठीक आहे. एका ओळीचं कार्ड टाकायला किती वेळ लागतो हे मला माहीत आहे, पण ठीक आहे.

कंपनीच्या मदतकेंद्राला मी फोन केला. आधी बासरी ऐकवली, मग एका बाईनं फार गोड आवाजात सांगितलं की डबा परत घेता येणार नाही, कारण मी बोकड स्वीकारला आहे. मी म्हटलं, मी स्वीकारला नाही, मी लॉगिन केलं तेव्हा तो आपणहून येऊन माझ्याशेजारी उभा राहिला. ती म्हणाली, उभा राहिला म्हणजे स्वीकारला. मी म्हटलं, बाई, मी त्याच्यावर बसलेसुद्धा नाही. ती म्हणाली, तो तुमच्या मर्जीचा प्रश्न आहे. पदरी पडलं पवित्र झालं, हे मला लग्नात ऐकवलं होतं, आता बोकडाच्या बाबतीत ऐकते आहे.

तुझा नवरा संध्याकाळी आला. तुझा होता तो. दिवसभर विमा कंपनीत बसून लोकांना 'हे पॉलिसीत बसत नाही' असं सांगतो आणि घरी येऊन मला सांगतो. म्हणाला, "आई, घ्यायच्या आधी वाचायचं असतं." मी म्हटलं, "वाचलं. अक्षरं दिसली नाहीत." तर म्हणतो, "चष्म्याचं दुकान तुझं आणि तूच असं म्हणतेस." हसला वर. मग माझ्या टेबलावर पाकिटं बघून हसायचा थांबला. "तू तिला पत्र लिहिलंस का?" मी पाकिटं ड्रॉवरमध्ये टाकली. "आमचं ठरलंय, संपर्क ठेवायचा नाही." मी विचारलं, "कोणाचं ठरलंय?" म्हणाला, "आमचं." "त्या बैठकीत मी होते का?" ह्यावर तो आंघोळीला गेला. लहानपणापासून त्याचं हेच, उत्तर नसलं की आंघोळ.

आता मुख्य गोष्ट. तू कळवत नाहीस म्हटल्यावर मधला भाग मीच घ्यायचं ठरवलं. त्याचे डबे आता मिळत नाहीत, खेळाच्या आतूनच घ्यावा लागतो. मी बटण दाबलं. पडद्यावर आलं: ही खरेदी फक्त खात्याच्या मालकाला करता येते. तुम्ही सभासद आहात. मालकाकडे विनंती पाठवायची का?

मालक म्हणजे तू. फॅमिली अकाउंट तू उघडलंस, मला त्यात सभासद म्हणून घेतलंस. हे मला तेव्हा सांगितलं असशील, मी 'बरं' म्हटलं असेल. पण असं पडद्यावर येईपर्यंत मला त्याचा अर्थ कळला नव्हता. विनंती. मी तुला विनंती करायची. ज्या घरातला गॅस कसा पेटवायचा ते मी तुला दाखवलं, त्या घरात बसून मी तुझ्याकडे विनंती पाठवायची की बाई, मला पुढे जायचंय, जाऊ देशील का. माझे गाल तापले. चार दिवस सासूचे, चार दिवस सुनेचे म्हणतात, पण सुनेचे चार दिवस असे घर सोडून गेल्यावर सुरू होतात हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

मी पडदा बंद केला. मग परत उघडला आणि विनंती पाठवली. माझा हट्ट तुला ठाऊक आहे; मान खाली घालून का होईना, मी तो पुरा करते.

वैदूला सांगितलं तर तो म्हणाला, "मावशी, खातं चालू आहे ना अजून? मग दर महिन्याचे पैसे तीच भरते की." हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. मला वाटत होतं, ढाल आहे म्हणजे आहे, पाण्याच्या नळासारखी. तू फोन उचलत नाहीस, कार्ड टाकत नाहीस, आणि तिकडे दर महिन्याला गुपचूप माझी ढाल चालू ठेवतेस. आता तुझ्यावर चिडायचं तर नीट चिडताही येत नाही. हा कुठला न्याय आहे?

एक लिहून टाकते. तू त्याला सोडलंस ते मला समजलं. मी त्याची आई आहे, मला समजणार नाही तर कोणाला. पण मला का सोडलंस ते समजलं नाही. मी काय केलं होतं?

विनंतीचं बघ.

सासू


२० मार्च, शुक्रवार

वा.

विनंतीचं उत्तर येईल म्हणून मी रोज दुकान वेळेवर बंद करून घरी पळत होते. काच घासणारा कारागीर मागच्या खोलीतून म्हणाला, "बाई, हल्ली घरी कोणी पाहुणे आलेत का?" मी म्हटलं, बोकड आलाय.

उत्तर आलं. पण आधी एक प्रश्न आला, तो तुलाही आला असणार. कोणी नवीन काही घ्यायला निघालं की कंपनी तपासणी करते म्हणे. फॅमिली अकाउंट एका घरासाठी असतं. म्हणून ते दोघींना वेगवेगळं विचारतात: हे सभासद आणि मालक अजून एकाच घरात राहतात का? खाली दोन बटणं. हो आणि नाही. आणि त्याच्याखाली, ह्यावेळी वाचता येईल एवढ्या अक्षरात, की दोघांपैकी एकानंही 'नाही' म्हटलं तर सभासदाचं पात्र महिनाअखेर बंद होईल आणि परत मिळणार नाही.

मी 'हो' दाबलं. खोटं दाबलं, हे मला माहीत आहे. पण माझा हात जराही अडखळला नाही. तुझा कप अजून फळीवर आहे, तुझ्या खोलीतलं कपाट मी कोणाला उघडू देत नाही, मग मी 'नाही' कशाच्या जोरावर दाबू?

तू 'नाही' दाबलंस.

दुसऱ्या दिवशी पडद्यावर आलं, मालकानं कळवलं आहे की आपण त्यांच्या घरात राहत नाही. आपल्या सहभागाबद्दल धन्यवाद. माझ्या सहभागाबद्दल. इतकी वर्षं तुझ्यापुढे उभं राहून मार खाल्ला, त्याला ह्यांच्या भाषेत सहभाग म्हणतात.

एवढे महिने पैसे भरलेस, मग आता काय झालं? कोणाला हिशेब द्यायचा होता? कंपनी तुझ्या दारात माणूस पाठवून मोजणार होती का, घरात किती चपला आहेत ते? सगळं जग असल्या प्रश्नांना 'हो' दाबतं. माझा लेकसुद्धा, जो दिवसभर खोटे दावे पकडतो, तोसुद्धा आपल्या मित्राच्या खात्यावर सिनेमे बघतो. आणि नेमक्या माझ्या बाबतीत तुला हरिश्चंद्र व्हायचं होतं.

लेकाला कळलं. माझ्या तोंडावरूनच कळलं. म्हणाला, "बरं झालं. तुटायचं ते नीट तुटलं." मी त्याला सांगितलं की आज तू बाहेर जेव. तो म्हणाला, "एका खेळासाठी?" मी म्हटलं, "हो, एका खेळासाठी. उद्याही बाहेरच जेव."

एका खेळासाठी नाही, हे त्याला कळत नसेल तर त्याला मी सांगणार नाही. तुला तरी कळायला हवं होतं. संध्याकाळी तुझ्याशी बोलायची माझी ती एकच जागा होती. घरातल्या घरात आपण काय बोलायचो? भाजी आणू का, आणा. पाऊस पडेल का, पडेल. पण त्या गुहेबाहेर उभं राहून, राक्षस यायची वाट बघताना, तू मला तुझ्या वडिलांच्या आजारपणाबद्दल सांगितलंस. माझ्या नवऱ्यानं दुकान बुडवायला काढलं होतं ते मी तुला तिथेच सांगितलं, ते मी माझ्या सख्ख्या बहिणीलाही सांगितलेलं नाही. ती जागा तू एका बटणानं बंद केलीस.

वैदूला मी कळवलं की दुसरी ढाल शोधा. तो म्हणाला, "मावशी, महिनाअखेरपर्यंत थांबतो." परका माणूस थांबतो म्हणाला.

आता उत्तर पाठवूच नकोस. मी वाट बघणार नाही.

सही करत नाही. सासू लिहिलं तर तू 'नाही' दाबशील.


२९ मार्च, रविवार

तुझं पत्र मिळालं.

पाकीट बघून आधी मी ते गल्ल्याखाली ठेवून दिलं. वाचायचंच नाही असं ठरवलं होतं. एका गिऱ्हाइकापुरतं ते ठरवणं टिकलं. मग मागच्या खोलीत काच घासायच्या यंत्राशेजारी उभी राहून वाचलं, आणि बाहेर येऊन एका आजोबांना जवळच्या नंबरऐवजी लांबचा चष्मा दिला. ते बिचारे पेपर हात लांब करून वाचत घरी गेले असतील. हा दोषही तुझ्याच खात्यात.

तू लिहिलंयस ते मी इथे परत उतरवते, कारण त्यातल्या प्रत्येक ओळीशी मला भांडायचं आहे.

"आई, 'हो' म्हणणं खोटं झालं असतं म्हणून मी 'नाही' म्हटलं असं समजू नका. दोन दिवस मी त्या बटणाकडे बघत बसले होते. ढाल दुसऱ्या खात्यात हलवता येईल का ते विचारलं, नाही म्हणाले. पण 'हो' म्हटलं असतं तर तुम्हाला दर वेळी मला विनंती पाठवावी लागली असती. तुमची ती विनंती माझ्या पडद्यावर आली तेव्हा मला ती बघवली नाही. मी तुमच्या घरात तशीच राहिले. तुम्ही वाईट नव्हता, खरं तर कोणीच वाईट नव्हतं. पण मालक कोण आणि सभासद कोण, हे मला सकाळी उठल्यापासून माहीत असायचं. तसं मला तुम्हाला ठेवायचं नाही. फोन उचलला नाही कारण आवाज ऐकला असता तर परत 'हो आई' म्हणत बसले असते. बोलायचं मला आहे. पण सून म्हणून आता जमणार नाही."

तर आता माझं ऐक.

आमच्या घरात तुला काय कमी होतं? माझ्या सासूनं मला माहेरी जायला सणासुदीशिवाय सोडलं नाही. मी तुला कशालाही नाही म्हटलेलं नाही. तू टीव्ही लावू का विचारायचीस, मी लाव म्हणायचे. खिडकी उघडू का, उघड. आज मैत्रिणीकडे जाऊ का, जा. स्वतःच्या आईला रात्रीपुरतं राहायला बोलवू का, अगं बोलव की. मी गावभर सांगायचे, मी सुनेला कधी नाही म्हणत नाही. लोक म्हणायचे, नशीबवान आहे पोरगी. आणि मला वाटायचं, विचारते, केवढी गुणाची आहे, केवढं चांगलं वळण आहे.

इथपर्यंत भांडण माझ्या बाजूनं चाललं होतं. मग ते विनंतीचं बटण आठवलं.

मी एक विनंती पाठवली. आयुष्यात एक. तेवढ्यानं माझे गाल दिवसभर तापलेले होते आणि मी तुला त्याबद्दल पानभर सुनावलं. तू खिडकी उघडायला विचारायचीस, तेव्हा तुझं काय होत होतं ते मी एकदाही बघितलं नाही, कारण मी 'हो' म्हणण्यात गुंग होते. हे आज कळतंय आणि त्याचा मला संताप येतो. तुझाच येतो. सांगितलं का नाहीस? ज्या गुहेबाहेर एवढं सगळं बोललीस, तिथे एवढं बोलायला काय झालं होतं? एकदा म्हणायचं होतंस, आई, मला विचारायला लावू नका. मी आधी तुझ्या अंगावर आले असते हे खरं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तशी मी. पण दोन दिवसांनी मीच ती खिडकी काढून ठेवली असती.

लेकाला मी हे पत्र दाखवलेलं नाही. तो विचारतही नाही. परवा म्हणाला, "आई, खोलीतला एसी लावू का?" मी त्याच्याकडे बघतच राहिले. तो कधी विचारत नाही, त्या दिवशी कसं सुचलं कोणास ठाऊक. मी म्हटलं, "तुला हे आधी सुचायला हवं होतं, आणि मला विचारून नाही, तिला विचारून." तो आंघोळीला गेला.

सून म्हणून जमणार नाही म्हणतेस. मग काय म्हणून जमेल, ते लिहिलेलं नाहीस. अर्धवट पत्र लिहायची सवय तुला ह्या खेळाच्या कंपनीनं लावली की काय?

मी


९ एप्रिल, गुरुवार

अगं,

ढाल गेली. शेवटच्या दिवशी टोळी जमली होती, वैदूनं सगळ्यांना बोलावलं होतं. मी त्या बोकडावर एकदा बसले. बरा उडतो. हे कंपनीला कळवू नकोस, त्या फोनवरच्या बाईला आनंद होईल.

त्यानंतर मी नवं खातं उघडलं. माझ्या नावानं, मीच मालक, सभासद कोणी नाही. ह्यावेळी घ्यायच्या आधी सगळं वाचलं. दुकानात बसून, भिंग घेऊन, कोणत्या आवृत्तीत काय येतं, काय येत नाही, कशावर तारा काढला आहे आणि त्या ताऱ्याखाली काय लिहिलं आहे. कारागिराला मोठ्यानं वाचून दाखवलं. तो म्हणाला, "बाई, एवढं तर मी लग्न करताना नाही वाचलं." मी म्हटलं, तरीच.

आणि काय निघालं माहीत आहे? नव्या माणसानं साधा मूळ खेळ घेतला तर मधला प्रदेश त्यातच येतो. वेगळा घ्यावा लागत नाही. विनंती नाही, काही नाही. वेगळा फक्त जुन्यांना घ्यावा लागतो, जे इतकी वर्षं खेळत आले त्यांना. मी लगेच मदतकेंद्राला फोन लावला. म्हटलं, हा कुठला उफराटा कारभार? जो राबला त्यानं मागायचं आणि जो काल आला त्याला आयतं? ती बाई म्हणाली, मॅडम, पण आता तुम्ही नव्याच आहात ना. आंघोळीला जाता येत नव्हतं, दुकानात होते.

तर मी आता पहिल्या गावात आहे. हातात काठी आहे आणि उंदरांशी लढाई चालू आहे. उंदीरही जिंकतात. उत्तरेच्या किनाऱ्यावर पोचायला मला पावसाळा उजाडेल. तोवर टोळीबरोबर तू पुढे जा. वैदूनं सांगितलं तू टोळीत परत आली आहेस. माझ्यासाठी थांबू नकोस. मला मागून यायला लाज वाटत नाही.

हे वाचायचं वेड लागल्यावर मी आणखी एक गोष्ट वाचली. लेकाच्या कपाटातून तुमच्या घटस्फोटाचे कागद मागून घेतले. तो देईना. म्हणाला, "त्यात तुझं काय काम?" मी म्हटलं, "तेच बघायचं आहे." पहिल्या पानापासून शेवटच्या शिक्क्यापर्यंत भिंग लावून वाचले, तो समोर बसून होता. फ्लॅट आहे, गाडी आहे, तुझे दागिने आहेत, बँकेतलं लॉकर आहे, सोफासुद्धा आहे. कोणाला काय मिळालं, काय नाही मिळालं, सगळं आहे. वाचून झाल्यावर मी कागद त्याच्यापुढे ठेवले आणि म्हटलं, "दाखव, ह्यात मी कुठे आहे?"

तो बराच वेळ पानं उलटत राहिला. त्याचं काम आहे ते, कशात काय बसतं ते शोधायचं. शेवटी म्हणाला, "तू नाहीस, आई." मी म्हटलं, "मग तुमचं जे ठरलंय ते मला लागू नाही." तो आंघोळीला गेला नाही. तिथेच बसून राहिला, आणि मग म्हणाला, "तिचा कप फळीवर आहे, तो तिला दे." त्याच्यावर मी नंतर सावकाश चिडेन, आज नाही.

कप मी देणार नाही. तुला हवा असेल तर नवीन घे, आणि तसाच मलाही एक दे.

घरी ये असं लिहीत नाही. ते घर कोणाचं, ह्यावर परत तुझं-माझं वाजेल. दुकान मात्र माझं एकटीचं आहे आणि सोमवारी बंद असतं. ह्या सोमवारी मी तिथे असेन. गिऱ्हाईक नसेल, कारागीर नसेल, लेक तर नसेलच. शटर अर्धं वर ठेवते. तू काय म्हणून येणार ते येताना ठरव, किंवा येऊन ठरव, किंवा ठरवूच नकोस. आशीर्वाद राखून ठेवले होते, ते आता पाठवावेत तर सासूचे वाटतील, म्हणून राहू देत.

शटर ठोठावू नकोस. हाक मारू नकोस. येऊ का म्हणून विचारू नकोस. वाकून सरळ आत ये.